मध्ययुगीन नृत्य आणि संगीत : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मध्ययुग म्हणजे नेमका कुठला काळ?

युरोपच्या इतिहासात ढोबळमानाने इ. स. ५०० ते १५००. बाकीच्या जगाला हा साचा नीट बसत नाही. तिथे याच काळात तांग आणि सोंग राजवटी होत्या, बगदादचे अब्बासी खलिफा होते, दख्खनेत चालुक्य आणि यादव होते. या पानापुरता आम्ही ६०० ते १५०० हा पट्टा धरला आहे. इटली आणि बर्गंडीमधल्या पंधराव्या शतकातल्या नृत्यपोथ्या काही अभ्यासक पुढच्या युगात टाकतात. पण युरोपात पावलं लिहून ठेवलेली त्याआधी सापडतच नाहीत, त्यामुळे त्या घेतल्याशिवाय गत्यंतर नाही.

त्या काळचं संगीत आज जसंच्या तसं ऐकता येतं का?

नाही. ऐकायला मिळते ती पुनर्रचना. प्रत्येक परंपरेनं काहीतरी एकच लिहून ठेवलं आणि उरलेलं गुरूच्या तोंडी सोपवलं. त्यामुळे कुठल्याही सादरीकरणाबद्दल पहिला प्रश्न हाच विचारावा : यात पोथीतलं किती आणि आजच्या कलाकारानं घातलेली भर किती?

काही नमुने पाहू. चीनमधल्या सात तारांच्या छिन वाद्याची ‘यूलान’ ही रचना सातव्या शतकात नकललेल्या गुंडाळीत आहे. तिच्यात कुठली तार, कुठल्या खुणेपाशी, कुठल्या बोटानं, हे चक्क वाक्यांमध्ये लिहिलेलं आहे. लय मात्र दिलेली नाही. चीनमधल्याच तुनह्वांगच्या गुहांमध्ये पिपा या तंतुवाद्याच्या २५ चिजा मिळाल्या. त्या कागदाच्या दुसऱ्या बाजूच्या मजकुरावर ९३३ साल आहे. त्यात २० चिन्हं आहेत : चार तारा, आणि प्रत्येक तारेवर एक मोकळी व चार पडद्यांच्या अशा पाच जागा. तारा कशा जुळवायच्या ते लिहिलेलं नाही, म्हणून एकाच चिजेच्या तीन पुनर्रचना तीन वेगळ्या चिजा वाटाव्यात इतक्या निराळ्या निघतात.

कोरियाच्या सेजोंग राजानं पंधराव्या शतकात चौकटींची स्वरलिपी आणली. एका उभ्या ओळीत ३२ घरं, आणि एक घर म्हणजे काळाचं एक माप. स्वराची लांबी डोळ्यांना दिसेल अशी ही सोय होती. शार्ङ्गदेवानं तेराव्या शतकात देवगिरीच्या यादव राजा सिंघणाच्या आश्रयानं लिहिलेल्या ‘संगीतरत्नाकरा’त २६४ राग आणि १२० देशी ताल आहेत. काही ठिकाणी स्वरांची अक्षरंही आहेत, पण कण, मींड, गमक हे स्वरांचे अलंकार प्रत्यक्ष कसे घ्यायचे ते वर्णनावरून ताडावं लागतं.

जुन्या चर्चच्या पोथ्यांमधल्या शब्दांवरच्या खुणा वाचता येतात का?

त्या खुणांना नूम म्हणतात. स्वित्झर्लंडमधल्या सेंट गालेन मठातली पोथी दहाव्या शतकाच्या पहिल्या चतुर्थांशातली आहे. तिच्यातल्या नूमवरून सूर वर जातो की खाली, कुठे थबकायचं, कुठे झपाट्यानं जायचं हे बारकाईनं कळतं. वर म्हणजे किती वर, ते कळत नाही. चाल पाठ असलेल्यालाच त्या उपयोगी पडत.

अरेझोच्या ग्विदो या इटालियन भिक्षूनं १०२६ च्या सुमारास रेघांची पद्धत पक्की केली. ‘फा’ची रेघ तांबडी, ‘दो’ची पिवळी. या दोन्ही स्वरांच्या खाली अर्धस्वराचं अंतर येतं आणि गायक चुकतात ते तिथेच, म्हणून रंग तिथेच. वाचायला शिकताना हाच क्रम धरावा : आधी रंगीत रेघ किंवा किल्लीचं अक्षर (रेघेच्या सुरुवातीला लिहिलेलं, तिचा स्वर सांगणारं) शोधायचं, मग तिच्याखालचा अर्धस्वर, आणि मग बाकीचे स्वर. नवशिके पहिल्या खुणेपासून सुरुवात करतात आणि सगळी चाल एका स्वरानं सरकून बसते.

‘उत-रे-मी’ (आजचं ‘दो-रे-मी’) हे ‘सा-रे-ग’वरून घेतलं का?

तसा पुरावा नाही. ग्विदोनं एका लॅटिन स्तोत्राच्या सहा चरणांची पहिली अक्षरं घेतली. त्या स्तोत्रात प्रत्येक चरण आधीच्यापेक्षा एक स्वर वर सुरू होतो. नावंही सहाच होती, सातवं पुष्कळ नंतर आलं.

शार्ङ्गदेवाच्या २२ श्रुती करून पाहता येतात का?

येतात, आणि करून पाहिल्याशिवाय त्या समजतही नाहीत. श्रुती म्हणजे कानाला ओळखू येणारं सुरांमधलं सर्वांत लहान अंतर. शार्ङ्गदेवाची रीत अशी. प्रत्येकी २२ तारांच्या दोन वीणा घ्यायच्या. पहिली तार जमेल तितकी खाली, दुसरी तिच्यापेक्षा किंचित वर, इतकी किंचित की मध्ये तिसरा नाद बसू नये. असं बाविसाव्या तारेपर्यंत. स्वरांच्या वाट्याला येणाऱ्या श्रुती : सा ४, रे ३, ग २, म ४, प ४, ध ३, नी २. स्वर आपल्या शेवटच्या श्रुतीवर उभा असतो, म्हणून सा चौथ्या तारेवर, रे सातव्या, ग नवव्या, म तेराव्या, प सतराव्या, ध विसाव्या आणि नी बाविसाव्या तारेवर.

एक वीणा ध्रुव, तिला हात लावायचा नाही. दुसरी चल, तिचे सगळे स्वर दर फेरीला एकेक श्रुती खाली आणायचे. पहिल्या फेरीनंतर कुठलाच स्वर ध्रुव वीणेच्या स्वराशी जुळत नाही. दुसऱ्या फेरीनंतर चल वीणेचे ग आणि नी ध्रुव वीणेच्या रे आणि ध मध्ये मिसळतात, कारण त्यांचं अंतर दोनच श्रुतींचं. तिसरीनंतर रे आणि ध हे सा आणि प मध्ये. चौथीनंतर सा, म, प हे अनुक्रमे नी, ग, म मध्ये.

गडबड दोन ठिकाणी होते. एक म्हणजे लोक आजचे बिलावलचे शुद्ध स्वर गृहीत धरतात. शार्ङ्गदेवाचं शुद्ध सप्तक आजच्या काफी थाटाच्या जवळ जातं. बिलावल धरलं तर दुसऱ्या फेरीतच मेळ बसत नाही. दुसरं म्हणजे ‘किंचित’ची मोजपट्टी ग्रंथात नाही, कान हीच मोजपट्टी. २२ समान भाग करून यंत्रावर वाजवलं तर मिसळण्याचा हिशेब बरोबर येतो, पण पंचम सुमारे ७०९ सेंटवर (सेंट म्हणजे सप्तकाचा १२००वा भाग), म्हणजे खऱ्या पंचमापेक्षा ७ सेंट चढा पडतो आणि तानपुऱ्याला बोचतो.

अरबी गाण्यांच्या नोंदीत बोटांची नावं का असतात?

कारण ऊद हे तंतुवाद्यच तिथे मोजपट्टी होतं. दहाव्या शतकात अबुल फरज अल-इस्फहानीनं संकलित केलेल्या गीतांच्या महाग्रंथात गाण्याआधी ताल सांगितलेला असतो आणि चाल कुठल्या बोटाच्या वळणानं जाते तेही. पूर्ण चाल नसते.

तारेची मोकळी लांबी ६० सेंटिमीटर धरली, तर वरच्या पट्टीपासून पडदे असे पडतात. तर्जनी ६.६७ सेंमी, जुनी मध्यमा ९.३८, अनामिका १२.५९, करंगळी १५. करंगळीला शुद्ध मध्यम मिळतो आणि पुढची मोकळी तारही तोच स्वर देते, कारण तारा मध्यमाच्या अंतरानं जुळवलेल्या असतात. ही सगळी पायथागोरसच्या पद्धतीची गणितं. त्यात बगदादच्या मन्सूर झलझल या वादकाच्या नावानं ओळखला जाणारा मध्यमेचा एक वेगळा पडदा आहे. अल-फाराबीनं (मृत्यू ९५०) त्याचं गुणोत्तर २७/२२ दिलं आहे, म्हणजे आपल्या मापात ११.११ सेंमी. सुमारे ३५५ सेंटचा हा गंधार कोमलही नाही आणि शुद्धही नाही. हार्मोनियमवर तो निघत नाही आणि ‘जवळचा’ म्हणून दुसरा स्वर लावला की चालीचा रंगच उडतो. पडदे बसवताना एक काळजी घ्या : तार दाबली की ताणली जाते आणि स्वर थोडा चढतो, म्हणून घोडीपाशी तार जितकी उंच तितका पडदा हिशेबापेक्षा किंचित वरच्या पट्टीकडे सरकवावा लागतो.

पॅरिसच्या बहुस्वरी गायनात गंधार टोचतो. गायक चुकतात का?

बहुधा नाही. नोत्र दामच्या परंपरेत (पेरोतां या रचनाकाराची चार आवाजांची रचना ११९८ च्या सुमाराची) गंधार चार पंचम चढून मिळवलेला असतो : ८१/६४, म्हणजे ४०८ सेंट. तानपुऱ्यात आपोआप उमटणारा गंधार ३८६ सेंटचा. या २२ सेंटच्या फरकामुळे तो अस्वस्थ वाटतो आणि रचना त्या अस्वस्थतेचा वापर करते. मुक्काम सा-प-सांवरच होतो. म्हणून या संगीताला मागे सूर धरायचा झाला तर जवारीदार तानपुरा लावू नये, त्याचा स्वयंभू गंधार गायकांशी भांडतो. साधा सपाट सूर बरा.

सर्वसामान्य लोक कसे नाचत?

युरोपात सर्वांत जास्त उल्लेख ‘कॅरोल’चे आहेत. हातात हात घालून गोल किंवा साखळी करायची, एकानं गायचं आणि बाकीच्यांनी पालुपद धरायचं. बाराव्या ते चौदाव्या शतकात ते दरबारात होतं, तसंच चर्चच्या अंगणातही. धर्मसभांनी त्यावर पुन्हापुन्हा बंदी घातली. बंदी इतक्या वेळा घालावी लागली, यातच काय ते आलं. इटलीतल्या सिएनाच्या नगरसभागृहात अँब्रोजिओ लोरेन्झेत्तीनं १३३८-३९ मध्ये काढलेल्या भित्तिचित्रात नऊ जणांची साखळी आहे, दोघांनी हातांची कमान केली आहे आणि बाकीचे तिच्याखालून वळत आहेत. शेजारी एक जण डफासारखं वाद्य वाजवत गाते आहे.

गाण्याची बांधणी करून पाहण्यासारखी आहे. चालीचे दोनच तुकडे घ्या, ‘क’ आणि ‘ख’. आठ ओळींचा क्रम असा : क ख, क, क, क ख, क ख. पहिल्या दोन ओळी पालुपद, चौथी पालुपदाची पहिली ओळ, सातवी-आठवी पुन्हा पूर्ण पालुपद. तिसरी, पाचवी आणि सहावी एवढ्याच ओळी म्होरक्याच्या. चौथ्या ओळीला गोंधळ ठरलेला, कारण ओळ पालुपदाची पण पालुपद अर्धंच, आणि मंडळी सवयीनं पुढची ओळही गाऊन मोकळी होतात. म्होरक्यानं तिथे श्वास न सोडता पाचवी ओळ उचलली की घडी बसते.

पावलांचं वर्णन मात्र कुठेच नाही. कार्यशाळांमध्ये शिकवतात ती डावीकडे दोन, उजवीकडे एक अशी पावलं १५८९ मध्ये छापलेल्या फ्रेंच नृत्यपुस्तकाच्या आधारानं घेतलेली असतात. नाचायला हरकत नाही, पण तेराव्या शतकाची म्हणून सांगू नयेत.

एस्तांपी कशी वाजवायची?

फ्रान्सच्या एका राजेशाही गीतसंग्रहातल्या मोकळ्या जागांत, १३०० च्या आसपास कुणीतरी आठ ‘राजेशाही एस्तांपी’ उतरवल्या. नुसत्या वाद्यांसाठी लिहिलेल्या युरोपातल्या सर्वांत जुन्या चिजांमध्ये त्यांची गणना होते. इटलीतल्या लांबलचक एस्तांपी आणि साल्तारेलो (उड्यांच्या नाचाच्या चिजा) नंतरच्या एका पोथीत आहेत, ती आता लंडनला आहे.

रचना अशी : चार ते सात कडवी, प्रत्येक कडवं दोनदा. पहिल्या वेळी शेवट अधांतरी सुटतो, दुसऱ्या वेळी मुक्कामाच्या स्वरावर बसतो. हे दोन्ही शेवट सगळ्या कडव्यांना बहुधा तेच असतात. म्हणून आधी शेवट पाठ करा, मग कडव्यांची तोंडं. उलट केलं तर तिसऱ्या कडव्याला हमखास वाट चुकते, कारण प्रत्येक तोंड कुठल्या वळणावर शेवटाला मिळतं ते हातात बसलेलं नसतं. कागदावर कडव्याचा क्रमांक आणि ‘उघडा’ किंवा ‘मिटला’ एवढंच लिहून ठेवलं तरी पुरतं. लय बहुतेक तीन-तीनच्या गटांची.

वाद्य, वेग, ढोल यांपैकी काहीही पोथीत नाही. १३०० च्या सुमारास पॅरिसमध्ये योहानेस द ग्रोकेओनं नोंदवलं आहे की चांगला वादक व्हिएल या गजाच्या वाद्यावर सगळे प्रकार वाजवतो. तेव्हा एकट्या व्हिएलवर, किंवा तशाच गजाच्या वाद्यावर, मोकळ्या तारेचा सूर धरून वाजवणं हा सर्वांत कमी भरीचा मार्ग.

पावलं लिहिलेली सर्वांत जुनी नृत्यं कोणती, आणि ती वाचायची कशी?

युरोपापुरतं बोलायचं तर पंधराव्या शतकाच्या मध्यातल्या इटालियन पोथ्या : दोमेनिको दा पियाचेन्झा आणि त्याचे शिष्य. बर्गंडी दरबाराची ब्रुसेल्समधली पोथी काळ्या पानांवर सोन्याचांदीच्या शाईनं लिहिलेली आहे. तिच्यात संथ ‘बास दान्स’ची पावलं अक्षरांत आहेत.

अक्षरं पाचच. मोठा आर म्हणजे अभिवादन. बी म्हणजे जागच्या जागी डावी-उजवी झुलणं. दोन एस म्हणजे दोन साधी पावलं. डी म्हणजे ‘डबल’, तीन पावलं पुढे. लहान आर म्हणजे मागे सरणं. पहिला डबल डाव्या पायानं, दुसरा उजव्या. सुरावटीचा एक लांब स्वर म्हणजे एक अक्षर, आणि त्या स्वरात सहा मात्रा धरायच्या.

लहान ‘पूर्ण’ गट घ्या : दोन साधी, एक डबल, दोन साधी, तीनदा मागे, एक झुलणं. स्वर किती? सात. मधल्या गटात डबल तीन, म्हणून नऊ. मोठ्यात पाच, म्हणून अकरा. शिकणारे आणि शिकवणारेही चुकतात ते दोन एसपाशी. अक्षरं दोन दिसतात म्हणून दोन स्वर मोजले जातात, तर ती दोन्ही पावलं एकाच स्वरात, तीन-तीन मात्रांची. गटात अशा दोन जोड्या असल्यानं एका गटात दोन स्वर जास्त खर्च होतात आणि सुरावट संपल्यावरही जोडपं मध्येच उभं राहतं. नाच शिकण्याआधी अक्षरं आणि स्वर मोजून जुळवा.

इटलीत नृत्यप्रकारांच्या वेगांची उतरंड होती. बासादान्झाच्या एका मापाला सहा सेकंद धरले तर क्वातेर्नारियाला पाच, साल्तारेलोला चार आणि पिवाला तीन. म्हणजे साल्तारेलो उड्यांचा असला तरी सर्वांत जलद नाही. धापा टाकत वाजवलेला साल्तारेलो ऐकला की समजावं, प्रमाण कुणी पाहिलेलं नाही.

देवळांवरची करणं पाहून नृत्य उभं करता येतं का?

नुसत्या शिल्पावरून नाही. तंजावरच्या बृहदीश्वराच्या विमानात (गाभाऱ्यावरच्या शिखरात) वरच्या मजल्यावर नाट्यशास्त्रातल्या १०८ पैकी ८१ करणं कोरलेली आहेत. चिदंबरमच्या गोपुरांत शिल्पाबरोबर नाट्यशास्त्राचे श्लोकही आहेत. करण म्हणजे थांबलेली मुद्रा नव्हे. हात, पाय आणि धड यांची मिळून एक हालचाल असते आणि शिल्पकारानं तिच्यातला एक क्षण पकडलेला असतो, कधी सुरुवातीचा तर कधी शेवटचा.

पहिलं करण, तलपुष्पपुट, पाहा. श्लोकात तीनच गोष्टी आहेत : डाव्या बाजूला पुष्पपुट हस्त म्हणजे ओंजळ, पाय अग्रतलसंचर म्हणजे चवड्यावर, आणि कूस झुकलेली. हात तिथे कुठल्या वाटेनं आले, ते टीका आणि इतर अध्यायांतल्या चारींवरून (पायांच्या हालचालींवरून) जुळवावं लागतं. काकतीय गणपतिदेवाच्या काळात जायसेनापतीनं लिहिलेली ‘नृत्तरत्नावली’ (१२५३-५४) देशी प्रकारांसाठी फार उपयोगी आहे, कारण तिच्यात प्रचारातली नृत्यं येतात.

देवळांत खरोखर किती नर्तकी असत?

तंजावरच्या राजराज चोळाच्या शिलालेखात ४०० स्त्रियांची नावं आणि त्यांना दिलेली घरं नोंदलेली आहेत. कंबोडियातल्या ता प्रोमच्या ११८६ च्या शिलालेखात ६१५ नर्तकींचा आकडा आहे.

जपानच्या बुगाकूचा भारताशी काय संबंध?

बुगाकू म्हणजे जपानी दरबारी नृत्य. बोधिसेन नावाचा भारतीय भिक्षू ७३६ मध्ये जपानला पोचला. ७५२ मध्ये नारा इथल्या महाबुद्धाचे डोळे त्यानंच रेखाटले आणि त्या सोहळ्यात अनेक देशांची नृत्यं झाली. त्याच्याबरोबर चंपा देशाचा, म्हणजे आजच्या व्हिएतनामकडचा एक भिक्षू होता. परंपरा काही नृत्यांचं श्रेय या दोघांना देते. बुगाकूत डावी आणि उजवी अशी विभागणी आहे. डावी चीन-भारताकडची, तांबडे पोशाख. उजवी कोरियाकडची, हिरवे पोशाख. उजव्या बाजूच्या साथीत शो हे बांबूच्या नळ्यांचं वाद्य नसतं, त्यामुळे डोळे मिटूनही बाजू ओळखता येते. आजची संथ लय आठव्या शतकातली असेलच असं नाही. काही संशोधकांच्या मते मूळ चिनी चिजा कित्येक पटींनी जलद होत्या.

अमीर खुस्रोनं सतार आणि तबला शोधला ना?

नाही. खुस्रोचा काळ १२५३ ते १३२५. सतार आणि तबल्याची जोडी यांचे ठोस पुरावे अठराव्या शतकातले आहेत.

दरवेशांचं गोल फिरणं रूमीनं घालून दिलं का?

सूफी कवी रूमी समामध्ये (सूफींच्या संगीतसभेत) फिरत असे, हे खरं. पण तो १२७३ मध्ये गेला. पंथाची घडी मुलगा सुलतान वलद यानं बसवली आणि चार भागांचा ठरीव विधी पुढच्या दोन-तीन शतकांत आकाराला आला.

१३७४ चं ‘नाचण्याचं वेड’ विषबाधेमुळे होतं का?

आखेन आणि ऱ्हाइनकाठच्या गावांत लोक दिवसचे दिवस नाचत होते, हे त्या काळच्या बखरींत आहे. धान्यावरच्या अरगट बुरशीचा तर्क लोकप्रिय आहे, पण त्या विषानं आचके येतात आणि हातापायांचा रक्तपुरवठा आटतो. तसा माणूस दिवसभर पावलं टाकू शकत नाही.

आफ्रिकेबद्दल काहीच नाही का?

लिखित स्वर नाहीत, पण डोळ्यांनी पाहिलेलं वर्णन आहे. इब्न बतूता १३५२-५३ मध्ये मालीच्या दरबारात होता. बोरूचं आणि खाली छोटे भोपळे लावलेलं, दांड्यांनी वाजवायचं वाद्य त्यानं नोंदवलं आहे. आजच्या बालाफोनचंच ते वर्णन. पिसांचा वेश आणि चोच असलेला लाकडी मुखवटा घालून राजासमोर काव्य म्हणणारे कवीही त्यानं पाहिले. त्याला तो प्रकार हास्यास्पद वाटला.

मध्ययुगीन कामकऱ्यांची गाणी कुठे मिळतील?

चाली जवळपास नाहीतच. लिहिणारे दरबारातले आणि मठातले. चालुक्य सोमेश्वराच्या बाराव्या शतकातल्या ‘मानसोल्लासा’त महाराष्ट्रातल्या स्त्रिया कांडताना ओवी गातात असा उल्लेख आहे, गाणं, जागा आणि काम तिन्ही एका ओळीत. युरोपातल्या दक्षिण फ्रान्सच्या त्रुबादूर या कवी-गायकांची सुमारे २५०० गीतं उरली, त्यांपैकी जेमतेम दहाव्या हिश्श्याला चाल आहे. त्यांतल्या स्त्री कवयित्रींच्या गीतांपैकी चालीसकट उरलेलं गीत एकच, कोंतेसा द दीया हिचं.

आजच्या वाद्यवृंदांचं नेमकं कुठे चुकतं?

सर्वांत जास्त वेळा ढोलापाशी. एकसुरी चिजेला ढोल लावला की तिची लय ढोलाची होते, आणि पोथीत दिसणारी स्वरांची लांबी-आखूडता पुसली जाते. दुसरं, गिटारसारखे तीन स्वरांचे मेळ मागे लावणं. बाराव्या शतकाच्या चालीला त्यामुळे एकदम एकोणिसाव्या शतकाचा वास येतो. तिसरं, कास्तीलचा (आजच्या स्पेनमधला) राजा आल्फोन्सो दहावा याच्या भक्तिगीतांना सरसकट मोरक्कन साज चढवणं. त्या संग्रहाच्या एस्कोरियालमधल्या प्रतीत चाळीस चित्रं वादकांची आहेत, त्यात मूर (तिथले मुस्लिम) वादकही आहेत, म्हणून वाद्यं तिथून घ्यायला हरकत नाही. मात्र चित्रातली वाद्यं बहुतेक एकेकटी किंवा जोडीनं दिसतात. बारा जणांचा ताफा बसवायचा असेल, तर कार्यक्रमपत्रिकेत तसं लिहावं : चाल पोथीतली, वाद्यमेळ आमचा.